पळसदरी ते खोपोली : एका आखूड रेल्वेमार्गाच्या अभ्यासाची प्रस्तावना

आपल्याकडे रेल्वेच्या इतिहासाची गाडी बोरीबंदरहून सुटते आणि ठाण्याला येऊन थांबते. १६ एप्रिल १८५३ ची दुपार, चौदा डबे, चारशे पाहुणे, साहिब, सिंध आणि सुलतान ही तीन इंजिने, एकवीस तोफांची सलामी. शाळेच्या पुस्तकापासून रविवारच्या पुरवणीपर्यंत हे इतक्या वेळा सांगून झाले आहे की, पुढे काय झाले हे विचारायचे राहूनच जाते. पुढे झाले ते असे. १ मे १८५४ रोजी गाडी ठाण्याची खाडी ओलांडून, पारसिकच्या डोंगराला बगल देत कल्याणला पोचली. कल्याणला रुळांच्या दोन वाटा झाल्या. एक ईशान्येकडे थळ घाटाच्या रोखाने गेली, दुसरी आग्नेयेकडे बोरघाटाच्या. या दुसऱ्या वाटेने १२ मे १८५६ रोजी पळसदरीवरून खोपोली गाठली आणि तिथे सह्याद्रीने तिला अडवले. ही अडवणूक सुमारे सात वर्षे टिकली. तेवढा काळ मुंबईहून दख्खनकडे निघालेल्या माणसाची आणि मालाची गाडी खोपोलीला संपत होती.

पळसदरी ते खोपोली हा तुकडा आजही वापरात आहे. कर्जत, पळसदरी, केळवली, डोळवली, लौजी, खोपोली. कर्जतपासून मोजले तरी अंतर अवघे पंधरा किलोमीटर. रोज कामावर जाणाऱ्यांना तो ‘खोपोली लोकल’ म्हणून पुरेसा परिचित आहे आणि त्यापलीकडे त्यात काही असेल असे सहसा कुणाला वाटत नाही. महाराष्ट्रातल्या आखूड मार्गांमध्ये लाडके ठरले ते वेगळेच. १८९७ साली सुरू झालेली बार्शी लाइट रेल्वे अरुंद रुळांमुळे अभ्यासकांच्या कौतुकाची झाली, तर १९०७ ची नेरळ–माथेरान सगळ्यांच्याच. खोपोलीच्या वाट्याला वळणे नाहीत, बुटके डबे नाहीत, ध्यास घेतलेला कुणी निर्माता नाही. रूळ रुंद मापाचे आहेत, जमीन बऱ्यापैकी सपाट आहे आणि हा मार्ग ज्यांनी टाकला त्यांच्या लेखी तो वेळ मारून नेण्याची सोय होता. माझा ओढा नेमका अशा मार्गांकडे आहे. मोठ्या मार्गाचा इतिहास लिहिणारे मुक्कामाच्या ठिकाणाकडे बघतात. रूळ काही काळ जिथे अडून राहिले तिथे आजूबाजूचा सगळा प्रदेश, त्यातली वाहने, धंदे, मजूर, जुने रस्ते, एकदम समोर येतात. रेल्वेने मुलूख बदलला म्हणजे नक्की काय केले, हे अशा जागी जास्त स्पष्ट दिसते.

नवी मुंबईच्या वाचकांनी या विषयाकडे वळावे याला आणखी एक कारण आहे, आणि त्यासाठी रेल्वेच्या थोडे मागे जायला हवे. रेल्वेच्या आधीचा मुंबई–पुणे प्रवास तुमच्या दारावरूनच जात होता. मुंबईहून पडावात किंवा बोटीत बसायचे, बंदर ओलांडून पनवेलच्या खाडीत शिरायचे. भरती साधली तर धक्क्याशी लागायचे, नाही साधली तर वाट बघायची किंवा चिखल तुडवायचा. पनवेलला गाडी नाहीतर घोडे ठरवायचे आणि चौक, खालापूर, खोपोली करत घाटाचा पायथा गाठायचा. बोरघाटातून लष्कराने तोफा नेण्यापुरती वाट आधीच केली होती, पण व्यापाराचा माल बैलांच्या पाठीवरूनच चढत-उतरत असे. बैलगाडी जाईल असा नीट रस्ता १८३० साली, सर जॉन माल्कम गव्हर्नर असताना, खुला झाला. जाहिरातीमुळे अमृतांजन पूल म्हणून ओळखला गेलेला लोणावळ्याजवळचा दगडी पूल याच रस्त्याचा होता. तो २०२० च्या एप्रिलमध्ये पाडला गेला, तेव्हा अनेकांना तो किती जुना होता हे पहिल्यांदा समजले.

या रस्त्याने पनवेलला बरकत आली. घाटावरून कापूस आणि धान्य उतरायचे, खाडीवरून मीठ आणि नारळ वर जायचे, आणि दोन्हींची अदलाबदल पनवेलच्या धक्क्यावर व्हायची. गाडीवान, हमाल, अडते, सराईवाले, गाड्या दुरुस्त करणारे सुतार-लोहार असा सगळा गाव वाहतुकीवर पोसला जात होता. पनवेलची बैलगाडीची चाके तर घाटावरचे गाडीवानही मुद्दाम घेऊन जात. खोपोलीचे नशीब लहान होते, पण जात तीच. घाट चढण्याआधी बैल सोडायचे, पाणी पाजायचे, दम खायचा, एवढ्यासाठी ते गाव. तिथला मोठा तलाव आणि महादेवाचे देऊळ नाना फडणविसांनी बांधले. म्हणजे आगगाडी आली तेव्हा खोपोलीला वाटसरूंची सवय होतीच. रेल्वेने ओसाड माळावर स्थानक वसवले, असा समज करून घेऊ नये.

मग रेल्वे पनवेलवरून का गेली नाही? नवख्या वाचकाने आधी हा प्रश्न हाती घ्यावा असे मी सुचवीन, कारण त्याचे उत्तर नकाशातच आहे. मुंबई सरकारचे मुख्य अभियंता जॉर्ज क्लार्क यांना १८४३ साली भांडुपला गेले असताना रेल्वेची कल्पना सुचली असे सांगितले जाते. त्या कल्पनेतच ठाणे, कल्याण आणि पुढचे दोन्ही घाट होते. नाना शंकरशेट आणि सर जमशेटजी जीजीभाई यांच्यासारख्यांनी मुंबईत तिला बळ दिले आणि १८४९ साली लंडनमध्ये ग्रेट इंडियन पेनिन्शुला, म्हणजे जीआयपी, कंपनीची रीतसर स्थापना झाली. कंपनीला एका बुंध्यावर दोन फांद्या हव्या होत्या. एक खानदेश-वऱ्हाडाचा कापूस खाली आणणारी, दुसरी पुण्याकडे आणि त्याही पलीकडे जाणारी. तो बुंधा कल्याणला सहज सापडत होता. शिवाय ठाण्याला खाडी अरुंद आहे, दक्षिणेकडे जावे तशी ती पसरत जाते. मानखुर्द आणि वाशी यांच्यामध्ये रस्त्याचा पूल व्हायला १९७३ उजाडले, रेल्वे तर ९ मे १९९२ ला पलीकडे गेली. जे काम विसाव्या शतकाच्या अखेरीला झाले ते १८५० मध्ये का झाले नाही, असे विचारण्यात अर्थ नाही. पनवेलला रूळ आले तेही १९६० च्या दशकात, आणि मुंबईकडून थेट न येता दिव्याहून आले.

आता खोपोलीला या. कल्याणहून निघालेली गाडी उल्हास नदीच्या खोऱ्यातून नेरळ, कर्जत करत येते. पळसदरीला डोंगर अंगावर येतो. घाट चढणारा कायमचा मार्ग इथूनच सुरू व्हायचा होता. पण तो तयार व्हायला किती वर्षे लागतील याचा भरवसा नव्हता आणि तयार गाडीरस्ता होता थोडा दक्षिणेला, खोपोलीला. म्हणून पळसदरीहून डोंगराच्या कडेकडेने एक फाटा काढून तो त्या रस्त्याला नेऊन भिडवला. एवढ्याशा अंतरात हा फाटा उल्हासचे खोरे सोडून पाताळगंगेच्या खोऱ्यात उतरतो. बघायला गेले तर हा लंगडा उपाय होता. पण त्याने एक मोठी गोष्ट साधली. नव्या आगगाडीला सव्वीस वर्षांच्या जुन्या गाडीरस्त्याशी बांधून टाकले आणि घाट फुटायची वाट न बघता पुण्याची वाहतूक आपल्याकडे वळवली.

दोन वर्षांनी चित्र आणखी गमतीदार झाले. १४ जून १८५८ रोजी घाटमाथ्यावर खंडाळा ते पुणे अशी गाडी सुरू झाली. खाली खोपोलीपर्यंत रूळ, वर खंडाळ्यापासून रूळ आणि मध्ये उभा डोंगर. प्रवाशाने खोपोलीला उतरायचे, पालखी, तट्टू किंवा गाडी करायची, घाट चढायचा आणि खंडाळ्याला पुन्हा आगगाडीत बसायचे. मालाचे तर दोनदा चढउतार, दोनदा हमाली, दोनदा मोजदाद. ज्यांचा धंदा रेल्वेने बुडवला असे आपण सरसकट म्हणतो, त्या गाडीवान आणि भोयांना या काही वर्षांत घाटावर काम मिळाले ते रेल्वेमुळेच. इथे क्षणभर थांबून एका गोष्टीचा विचार करा. घाटाचा लोहमार्ग होण्याच्या पाच वर्षे आधी वर गाडी धावत होती. म्हणजे तिची इंजिने, डबे, रूळ, सगळे १८३० च्या त्या रस्त्यानेच चढवले गेले असणार. माणसे आणि बैल लावून एकेक अवजड भाग त्या वळणांवरून वर नेणे हे काम पंचवीस बोगदे खणण्याइतके मोठे नसेल, पण कल्पना करायला मला ते जास्त जड जाते.

बोगद्यांचे आकडे मात्र माहीत असायला हवेत. बोरघाटाच्या चढणीची लांबी १५ मैलांहून थोडी जास्त, म्हणजे सुमारे २५ किलोमीटर. त्यात चढायचे १,८३१ फूट, बोगदे २५, मोठे कमानी पूल ८, सगळ्यात तीव्र चढ ३७ फुटांना १ फूट. खंडाळ्याच्या अलीकडे जागाच न उरल्याने गाडी एका टोकाला नेऊन, इंजिन दुसऱ्या बाजूला लावून, उलट दिशेने पुढे काढायची अशी रिव्हर्सिंग स्टेशनची युक्ती करावी लागली. ती १९२९ पर्यंत चालली. मुख्य अभियंता जेम्स बर्कली यांनी १८६० च्या अखेरीस मुंबईत मेकॅनिक्स इन्स्टिट्यूशनमध्ये दोन्ही घाटांवर सविस्तर व्याख्यान दिले. ते छापलेले आहे आणि अभियांत्रिकी न शिकलेल्यालाही समजते. बर्कली स्वतः १८६२ च्या ऑगस्टमध्ये इंग्लंडमध्ये वारले. आपला घाट पुरा झालेला त्यांना पाहायला मिळाला नाही.

या आकड्यांच्या खाली जे आहे ते खोपोलीच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचे. घाटाचे काम १८५६ च्या सुरुवातीला निघाले. कंत्राट होते विल्यम फेव्हिएल यांचे, ज्यांच्या भागीदारीतल्या कंपनीने मुंबई–ठाणे मार्ग बांधला होता. काम मुख्यतः पावसाळा संपल्यावर चाले आणि पाऊस आला की बरेचसे थंडावे. त्यामुळे दरवर्षी हजारो मजूर गोळा करायचे आणि दरवर्षी ते पांगायचे. १८६१ च्या सुमारास घाटात चाळीस हजारांहून अधिक माणसे होती. त्यांच्या वस्त्यांत पटकी शिरली की किती माणसे गेली याचा हिशेब नीट ठेवलेला नसे. मुकादम आणि पोटकंत्राटदारांच्या हातून मजुरी उतरता उतरता झिजायची, कधी पोचायचीच नाही. १८५९ च्या जानेवारीत याचा स्फोट झाला. थकलेल्या मजुरीवरून दंगल उसळली, तीत एक युरोपीय मारला गेला, आणि मार्चमध्ये फेव्हिएल यांनी कंत्राट सोडले. पुढच्या वर्षी सरकारने १८६० चा नववा कायदा केला. रेल्वे आणि इतर सार्वजनिक बांधकामांवरच्या मजूर-मालक तंट्यांचा झटपट निवाडा करणारा हा कायदा या वातावरणातून आला. औद्योगिक कामगारांच्या इतिहासाची सुरुवात आपण गिरणगावापासून करतो. खोपोली–खंडाळ्याच्या उतारावर ती थोडी आधी झाली होती, असे माझे मत आहे.

नवे कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९ मध्ये आले आणि काही आठवड्यांतच आजाराने गेले. कंत्राट त्यांच्या पत्नीने, अ‍ॅलिस ट्रेडवेल यांनी, पुढे चालवले. जागेवरचे काम त्यांनी नेमलेल्या अभियंत्यांनी पाहिले, पण जबाबदारी त्यांची होती आणि ती त्यांनी शेवटपर्यंत निभावली. घाटाच्या बांधकामाची त्या काळातली जी छायाचित्रे आज मिळतात त्यांच्याशीही त्यांचे नाव जोडले जाते. वाचकांनी ती जरूर पाहावीत. कमानींच्या भव्यतेवरून नजर हटली की पायथ्याशी मुंगीएवढी माणसे दिसतात. भिंगाने पाहिले तर त्यांच्या हातात काय आहे तेही ओळखू येते.

२१ एप्रिल १८६३ रोजी गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांच्या हस्ते बोरघाटाचा मार्ग समारंभाने खुला झाला. अमेरिकेत यादवी चालू होती, मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव होता, आणि गाडी आता पळसदरीहून थेट वर जात होती. खोपोलीचा फाटा एका दिवसात आडबाजूला पडला. पनवेलचे दुखणे सावकाश वाढत गेले. बंदर लगेच ओस पडले नाही, पण पुण्याचा माल कल्याणकडे वळला आणि खाडीच्या धक्क्यावरची ती जुनी धांदल पुन्हा आली नाही. खोपोलीचे दिवस फिरले ते अर्ध्या शतकाने. टाटांनी लोणावळ्याच्या बाजूला धरणे बांधली, घाटमाथ्याचे पाणी नळांनी खाली सोडले आणि १९१५ साली खोपोलीच्या वीजघरातून मुंबईच्या गिरण्यांना वीज जाऊ लागली. ज्या उताराने आगगाडी अडवली होती तोच इथे उपयोगी पडला. वीजघरामागून कारखाने आले आणि त्यांच्यामागून लोकल.

आता या विषयात शिरायचे कसे याबद्दल थोडे. पहिली अडचण पत्त्याची येते. खोपोली आणि कर्जत आज रायगड जिल्ह्यात आहेत, म्हणून नवखा वाचक साहजिकच कुलाबा जिल्ह्याचे गॅझेटियर उघडतो आणि निराश होतो. त्या काळी कर्जत आणि पनवेल हे दोन्ही तालुके ठाणे जिल्ह्यात होते. तुम्ही जेम्स कॅम्पबेल यांनी संपादित केलेले १८८२ चे ठाण्याचे गॅझेटियर काढा. त्यात वाहतूक, व्यापार आणि गावांची माहिती अशी वेगवेगळी प्रकरणे आहेत, ती तिन्ही शेजारी ठेवून वाचली तरच पनवेल आणि खोपोलीचे नाते जुळते. जुन्या इंग्रजी कागदांत खोपोली ‘कॅम्पूली’ होते, कल्याण ‘कॅलियन’, आणि पळसदरीचे काय होईल ते सांगता येत नाही. शोधताना चार-पाच रूपे हाताशी असू द्यावीत.

मराठीत आधार घ्यायचा तर गोविंद नारायण माडगांवकर यांचे ‘मुंबईचे वर्णन’ आहे. ते १८६३ सालचे, म्हणजे घाट खुला झाला त्याच वर्षाचे. आगगाडी नवी असताना मराठी माणसाच्या नजरेला ती कशी दिसली हे त्यात कळते. कंपनीच्या अहवालांत ते सापडणार नाही. अहवाल भागधारकांसाठी लिहिलेले असतात, खर्च आणि उत्पन्न यापलीकडे त्यांना फारसा रस नसतो, आणि मजूर त्यांत खर्चाच्या रकान्यातच भेटतात.

तारखांबद्दल एक सावधगिरी. ‘पुणे १८५८ मध्ये रेल्वेने जोडले गेले’ हे वाक्य पुष्कळ ठिकाणी आढळते. त्यात खोटे काही नाही, पण ते कशाला जोडले गेले हे सांगितलेले नसते. रेल्वेच्या प्रत्येक तारखेला दोन प्रश्न विचारायची सवय लावून घ्या: कुठून कुठपर्यंत, आणि मधला तुकडा माणसाने कसा पार केला? दुसऱ्या प्रश्नाने पुस्तकातली रेल्वे लगेच जमिनीवर येते. कसाऱ्याच्या बाजूला तीच गोष्ट. गाडी १८५५ ला वाशिंदला आली आणि इगतपुरीला १८६५ मध्ये पोचली. मधल्या वर्षांत तिकडेही आसनगाव, कसारा अशी एकेक स्थानके काही काळ खोपोलीच्याच भूमिकेत होती.

पनवेलचा हिशेब अजून चालू आहे. पनवेल–कर्जत असा एकेरी मार्ग मागेच झाला, आणि आता उपनगरी गाड्यांसाठी तिथे दुहेरी मार्ग होतो आहे. त्यातल्या वावर्ल्याच्या बोगद्याची लांबी अडीच किलोमीटरहून अधिक आहे. द्रुतगती महामार्ग २००२ पासून कळंबोलीहून निघून जवळपास जुन्याच वाटेने खोपोलीच्या अंगावरून घाट चढतो. नवी मुंबईच्या नियोजनाकडे पाहताना सिडकोच्या १९७० च्या नकाशापासून सुरुवात करायची आपली रीत आहे. त्या नकाशाखाली १८३० चा रस्ता आणि १८५६ चा लोहमार्ग ठेवून पाहिलात तर काही रेषा ओळखीच्या वाटतील.

पुस्तके हाती घेण्याआधी एकदा त्या मार्गाने जाऊन यावे, हे उत्तम. दिवस शक्यतो पावसाळ्यानंतरचा, ऑक्टोबर-नोव्हेंबरचा निवडा. हवा स्वच्छ असते आणि डोंगरावरचा मार्ग खालून दिसतो. पुण्याच्या गाड्यांना मागून जोर द्यायला कर्जतला बँकर इंजिने जोडतात. त्या थांब्यानेच कर्जतचा वडा प्रसिद्ध केला, तेव्हा तोही अभ्यासाचा भाग समजावा. कर्जतहून खोपोली लोकलमध्ये डावीकडची खिडकी धरा. पळसदरीला दोन्ही मार्ग फुटतात. डावा चढू लागतो, तुमचा तसाच पायथ्याने जातो, आणि थोड्याच वेळात पुण्याची गाडी डोक्यावरच्या कड्याला चिकटलेली दिसते. खोपोलीला उतरून आधी नाना फडणविसांच्या तलावाकडे जा, मग जुन्या रस्त्याने घाटाच्या पहिल्या वळणापर्यंत चाला. ऊन चढायच्या आत परत फिरा आणि परतीच्या लोकलची वेळ आधीच बघून ठेवा, कारण ती चुकली तर पुढची लवकर नसते.